पोरं गेमच्या फायली उघडतात म्हणून त्यांना चोर ठरवू नका

संपादक साहेब, नमस्कार.

मागच्या आठवड्यात तुमच्या पेपरात मुलांच्या मोबाईल गेमवर लेख आला होता, तो मी दुकानात बसून दोनदा वाचला. गेमच्या फायलींत घुसून बदल करणारी पोरं म्हणजे उद्याचे हॅकर, पालकांनी वेळीच फोन काढून घ्यावा, असा त्याचा एकूण सूर होता आणि तो मला पटला नाही, म्हणून लिहायला बसलोय. माझं संगमनेरला बसस्टँडजवळ मोबाईल रिपेअरिंगचं दुकान आहे, ११ वर्षं झाली. डिस्प्ले, बॅटरी, चार्जिंगची पिन हे रोजचंच काम, पण शाळा सुटली की चार-पाच पोरं हमखास येतात आणि त्यांचा फोन काही बिघडलेला नसतो, त्यांचं म्हणणं एकच, "दादा, अँड्रॉइड डेटा फोल्डर उघडत नाहीये, काहीतरी करा ना." या पोरांना मी रोज बघतो. त्यांच्यात दोन अगदी वेगळे प्रकार चालतात आणि आपण मोठी माणसं दोन्ही एकाच माळेत ओवतोय.

आधी चांगलं सांगतो, कारण ते पेपरात येत नाही. बस सिम्युलेटर इंडोनेशिया नावाचा एक गेम आहे, पोरं त्याला बसिड म्हणतात, मालेओ कंपनीने २०१७ ला काढलेला. रस्ते तिकडचे, बस तिकडच्या, पण बसला रंग आपला आपण द्यायची सोय कंपनीनेच दिलीय, आणि स्वतः बनवलेली अख्खी गाडीसुद्धा मॉड (म्हणजे मूळ गेममध्ये केलेला बदल) म्हणून आत टाकता येते. एवढं मिळालं आणि आपल्या पोरांनी इंडोनेशियाच्या घाटात लालपरी उतरवली, मग शिवशाही, मग शिवनेरी. या रंगाला लिव्हरी म्हणतात, ती म्हणजे साधी पीएनजी इमेज असते, त्यात बसच्या दोन्ही बाजू, पुढचं तोंड, मागची बाजू, सगळं शिंप्याने कापड बेतून जमिनीवर पसरावं तसं सपाट मांडलेलं असतं. आठवीतला एक पोरगा कोपऱ्यातून तडा गेलेल्या फोनवर बोटाने हे काम करतो, झूम करून करून एकेक ठिपका भरत. मागच्या बाजूला "संकटकाळी बाहेर पडण्याचा मार्ग" ही अक्षरं नेमकी कशी आणि कुठे असतात हे बघायला तो वही घेऊन स्टँडवर गेला, उभ्या गाडीच्या मागे उभा राहून चित्र काढून आला, ड्रायव्हरने हटकलं तर त्याला सगळं समजावून सांगितलं म्हणे. पहिल्यांदा गेममध्ये टाकलं तर अक्षरं उलटी आली. मग त्याने इमेज आडवी फिरवायची असते हे स्वतः शोधलं. एसटीची पहिली गाडी १ जून १९४८ ला पुण्याहून नगरला गेली हे मी त्याला सहज बोलता बोलता सांगितलं तर आता त्याला ती गाडी करायचीय, जुने फोटो गोळा करतोय. याला बिघडलेलं पोरगं म्हणायचं का?

दुसरी एक नववीतली मुलगी आहे, वडील शेतकरी. ती माइनक्राफ्ट नावाचा ठोकळ्यांचं जग बांधायचा गेम खेळते, त्यात गहू पेरता येतो. गहू उगवतो तो आठ टप्प्यांत, प्रत्येक टप्प्याची वेगळी इमेज फाईल, शून्यापासून सातपर्यंत नंबर दिलेली, आणि प्रत्येक इमेज फक्त १६ बाय १६ ठिपक्यांची म्हणजे एकूण २५६ ठिपके. तिने त्या आठही फायली बदलून गव्हाची ज्वारी केली. कोंब, मग पानं, मग पोटरी, मग निसवलेलं कणीस, हुरड्याला आलेलं, आणि शेवटी पिकलेलं मोत्यासारखं. पोटरी आणि निसवण यातला फरक २५६ ठिपक्यांत दाखवायचा म्हणजे रोज शेतावर जाणाऱ्या पोरीचंच काम आहे ते, मला स्वतःला जमलं नसतं. मग त्या इमेज एका फोल्डरात ठेवायच्या, सोबत मॅनिफेस्ट नावाची एक जेसन फाईल (ठराविक पद्धतीने लिहिलेला मजकूर) लिहायची, त्यात पॅकचं नाव, व्हर्जन आणि दोन लांबलचक ओळख नंबर, सगळ्याची मिळून एक झिप फाईल करायची, तिच्या नावाच्या शेवटचं झिप खोडून तिथे एमसीपॅक लिहायचं आणि त्यावर टॅप केलं की गेम स्वतःच ते आत घेतो. कुठलं कुलूप तोडावं लागत नाही, फोन रूट करावा (म्हणजे त्याचं आतलं संरक्षण काढावं) लागत नाही. तिचं पॅक दोन दिवस आत जातच नव्हतं. दुकानात आली, मी जुन्या कॉम्प्युटरवर चालणारी एक मॅनिफेस्ट आणि तिची मॅनिफेस्ट शेजारी शेजारी उघडून दिली आणि गप्प बसलो. ओळीवर बोट ठेवून वाचत गेली आणि सहाव्या ओळीच्या शेवटी थांबली, तिथे स्वल्पविराम द्यायचा राहिला होता. त्या वेळचा तिचा चेहरा तुमच्या लेख लिहिणाऱ्यांनी बघायला पाहिजे होता.

आता त्या फोल्डरचं. अँड्रॉइड डेटा हा फोल्डर म्हणजे प्रत्येक ॲपची स्वतःची खोली, गेमचे मॅप, सेटिंग, कधी कधी सेव्ह केलेला खेळ त्यात असतो. आधी कुठलाही फाईल मॅनेजर तिथे सरळ जायचा. २०२० ला अँड्रॉइड ११ आलं आणि ती खोली बाकीच्या ॲपना बंद झाली, तरी परवानगी मागून आत शिरायची एक फट राहिली होती ती २०२२ च्या अँड्रॉइड १३ मध्ये बरीचशी बुजवली. हे कुलूप चुकीचं आहे असं मी म्हणणार नाही, कारण आधी एखाद्या टॉर्चच्या ॲपने स्टोरेजची परवानगी घेतली की ते दुसऱ्या ॲपच्या फायली खुशाल चाळू शकायचं, ते थांबलं हे चांगलंच झालं. पण फोनचा मालक आणि ते टॉर्चचं ॲप एकाच रांगेत उभे केले हे मला खटकतं. माझ्या फोनमधली माझ्या खेळाची फाईल मला बघायची असेल तर एखादी सरळ किल्ली मालकाकडे नको का? बहुतेक फोनमध्ये यूएसबी केबल लावून फाईल ट्रान्सफर निवडलं की कॉम्प्युटरवरून ती खोली दिसते, पण माझ्याकडे येणाऱ्या दहातल्या आठ पोरांच्या घरी कॉम्प्युटरच नाही, फोन हाच त्यांचा कॉम्प्युटर. मग ती बिल्ड नंबरवर सात वेळा टॅप करून डेव्हलपर ऑप्शन चालू करतात, वायरलेस डिबगिंग लावून शिझुकू नावाचं, ती खोली उघडायची जादा परवानगी मिळवून देणारं ॲप चालवतात आणि काम झाल्यावर डिबगिंग तसंच चालू ठेवून घरी जातात. मी प्रत्येकाला ते बंद करायला लावतो. आणि अजून एक, गेम अनइन्स्टॉल केला की ही खोलीसुद्धा सामानासकट जाते, जागा मोकळी करायला म्हणून घरच्यांनी गेम उडवला आणि पोराचं दोन वर्षांचं बांधलेलं सगळं गेलं असं कितीदा तरी झालंय, त्या पोराचं रडणं खोटं नसतं हो.

आता वाईट. वाईट प्रकार फायली उघडण्याचा नाहीच मुळी, तो न उघडता दुसऱ्याने उघडून दिलेलं गिळण्याचा आहे. "अनलिमिटेड डायमंड", "सगळं अनलॉक" असली मॉड एपीके, म्हणजे कोणीतरी आतून बदलून दिलेली ॲपची फाईल. मी पोरांना पासबुकाचं उदाहरण देतो. बँकेच्या पासबुकात तू पेनाने दोन शून्य वाढवलीस तर बँक पैसे देईल का? ऑनलाइन गेममधले डायमंड कंपनीच्या सर्व्हरवर लिहिलेले असतात, तुझ्या फोनवर दिसतो तो नुसता आकडा, फोनमधली फाईल बदलून सर्व्हरवरचं खातं हलत नाही. म्हणजे जो कोणी फ्री फायर मॅक्स या ऑनलाइन गेमचे फुकट डायमंड देतो म्हणतो तो खोटंच बोलतोय. बीजीएमआय या ऑनलाइन लढाईच्या गेममध्ये पोरं सेव्हची एक फाईल बदलून ९० एफपीएस (सेकंदाला ९० चित्रं) लावतात, ती फाईल फोनमध्येच असते म्हणून सेटिंग लागतं खरं, पण स्क्रीन ६० हर्ट्झची, म्हणजे सेकंदाला ६० चित्रंच दाखवणारी असेल तर तिच्यावर ९० दिसणारच नाहीत, फोन नुसता तापतो, बॅटरी फुगली की माझ्याकडे येतात, आणि दुसऱ्यांबरोबर खेळायच्या गेममध्ये असली ढवळाढवळ केली की अकाउंट जातं. ते गेलंच पाहिजे असं माझं मत आहे, समोर खेळणाऱ्या पोराने काय पाप केलं?

आणि एपीकेचं सील कोणी समजावून सांगत नाही. प्रत्येक ॲपवर बनवणाऱ्याची डिजिटल सही असते, आत एक अक्षर बदललं की ती सही मोडते, मग मॉड करणारा स्वतःची सही ठोकतो. म्हणून तर मूळ गेमवर मॉड एपीके बसत नाही, आधी मूळ गेम काढायला लागतो. सील फोडून परत चिकटवलेली औषधाची बाटली आपण मेडिकलमधून घेऊ का? पण फोनमध्ये घेतो, तेही ज्या फोनवर वडिलांचं यूपीआय चालतं त्याच फोनमध्ये. गेल्या दिवाळीच्या आधी एक दूध घालणारे गृहस्थ आले, फोन हँग होतोय म्हणून. पोराने कुठूनतरी गेमचं मॉड टाकलं होतं, त्या गेमने एसएमएस वाचायची आणि ॲक्सेसिबिलिटीची (म्हणजे स्क्रीनवरचं बघायची आणि आपल्या वतीने टॅप करायची) परवानगी मागितली होती आणि पोराने हो हो करत दिली होती. गेमला एसएमएस कशाला वाचायचेत? दुधाच्या पेमेंटचे २८,००० रुपये दोन रात्रींत गेले होते आणि त्यांना माझ्या दुकानात, माझ्यासमोर कळलं. मी तिथूनच १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन लावून दिला. पोरगा दाराशी उभा होता, आत यायला तयार नव्हता. त्या पोराला कोणीतरी आधी सांगितलं असतं तर काय करायचं आणि काय नाही हे त्याला समजलं असतं, तो काही मूर्ख नाहीये, तोच पोरगा आता माझ्याकडे बसून सोल्डरिंग शिकतोय.

माझं म्हणणं एवढंच आहे साहेब, की ज्या गेमने सरळ दार ठेवलंय, लिव्हरीचं असेल नाहीतर पॅकचं, तिथे पोरं ज्वारी पेरतात आणि एसटी चालवतात, आणि जिथे दार कोणी दाखवलंच नाही तिथे ती मॉड एपीकेवाल्याच्या हाती लागतात. तेव्हा फोन काढून घ्या हे सांगण्यापेक्षा ते दार दाखवा. तुमच्या रविवारच्या मुलांच्या पानावर महिन्यातून एकदा तरी हे येऊ द्या, कुठल्या गेममध्ये कंपनीने स्वतः बदल करायला परवानगी दिलीय, फाईलला हात लावायच्या आधी तिची कॉपी दुसरीकडे कशी ठेवायची, परवानगी मागणारी खिडकी कशी वाचायची. शाळेच्या कॉम्प्युटर लॅबमध्ये पोरं वर्डमध्ये अर्ज टाईप करतात ते करू द्या, पण त्याच कॉम्प्युटरला एकदा केबल लावून फोनमधलं फोल्डर उघडून दाखवायला किती वेळ लागतो? आणि पालकांना माझी हात जोडून विनंती, यूपीआय असलेला फोन खेळायला देऊ नका, घरातला जुना फोन सिम काढून द्या, बॅटरी गेलेली असेल तर टाकून घ्या, माझ्याकडेच टाका असं काही नाही.

मी माझ्यापुरतं सुरू केलंय. रविवारी सकाळी १० ते १२ दुकानातला जुना कॉम्प्युटर आणि दोन केबल पोरांसाठी मोकळ्या असतात, पैसे नाही घेत, अट एकच, आधी कॉपी करायची मग बदलायचं, आणि मॉड एपीके घेऊन यायचं नाही. तुमचा कोणी वार्ताहर आला तर बरं वाटेल. त्या मुलीची ज्वारी छापायची असेल तर तिच्या घरच्यांना विचारून चित्र पाठवतो, फक्त २५६ ठिपक्यांचं आहे, छापताना मोठं करावं लागेल.

आपला नियमित वाचक,
एक मोबाईल दुरुस्तीवाला, संगमनेर
(नाव छापू नये ही विनंती)