क्लोद झाद गेली कुठे?

प्रिय अनंत,

सप्रेम नमस्कार.

तुझ्या पत्रातील शेवटचा प्रश्न मला अजिबात पटला नाही. फ्रेंच दिग्दर्शक त्रुफोचे चित्रपट संपल्यावर ही अभिनेत्री क्लोद झाद गेली कुठे, असे तू विचारतोस. ती कुठेही गेली नव्हती. आपण चित्रपटवेडे जिकडे पाहतो तिकडे ती नव्हती, इतकेच.

सुरुवातीची हकीकत तुला ठाऊकच आहे. १९४८ साली दिजाँ येथे प्राध्यापक आईवडिलांच्या पोटी जन्म, तिथेच नाट्यशिक्षण, मग पॅरिस. तिथे इटालियन नाटककार पिरांदेल्लोच्या एका नाटकात फ्रान्स्वा त्रुफोने तिला पाहिले आणि ‘बेझे व्होले’ (१९६८) या चित्रपटात क्रिस्तीनची भूमिका दिली. दोघांचे लग्न ठरले आणि ऐनवेळी त्याने पाय मागे घेतला, ही गोष्ट तिच्याविषयी लिहिणारे हटकून चघळतात. मला त्यापेक्षा त्या चित्रपटातील न्याहारीचा प्रसंग मोलाचा वाटतो. लोणी लावताना कडक टोस्ट मोडू नये म्हणून त्याच्याखाली दुसरा धरायचा, हे ती चित्रपटाचा नायक आंत्वान याला दाखवते. मग दोघेही अवाक्षर न बोलता चिठ्ठ्या लिहून एकमेकांना देतात, आणि अखेरीस तो बाटलीचे ओपनर तिच्या बोटात अंगठीसारखे अडकवतो. दुसरी एखादी नटी इथे लाजली-मुरडली असती; ही मात्र घरातले एखादे काम उरकावे तशा गांभीर्याने सारे करते, आणि म्हणूनच तो प्रसंग खरा वाटतो.

दोन वर्षांनी आलेल्या त्याच्या पुढच्या भागात, ‘दोमिसील कोंज्युगाल’मध्ये, हेच गांभीर्य दुखरे होते. आता नवरा झालेल्या आंत्वानचे एका जपानी मुलीशी प्रकरण आहे हे कळल्यावर क्रिस्तीन स्वतः किमोनो नेसून, केशरचनेसकट जपानी वेष करून त्याची वाट पाहत बसते. प्रसंग हास्यास्पद आहे, पण तिच्या गालावरचा अश्रू आपल्याला हसू देत नाही.

याच काळात हिचकॉकने तिला ‘टोपाझ’मध्ये (१९६९) हेराच्या मुलीची भूमिका दिली. त्यानंतर हॉलिवूडचा दीर्घ मुदतीचा करार पुढे आला असता तिने तो नाकारला, कारण तिला आपल्या भाषेत काम करायचे होते. लोक याला करिअरमधली चूक म्हणतात. मला तसे वाटत नाही. जिचा अभिनय बोलण्यातल्या बारीक चढउतारांवर उभा आहे, तिने परक्या भाषेत काय कमावले असते?

पुढे ती लिऑनमध्ये दिग्दर्शक झाँ मेयर यांच्या नाटकांत रमली, १९७६ साली दिग्दर्शक केइ कुमाईच्या एका जपानी चित्रपटात ख्रिस्ती जोगीण झाली, आणि राजनैतिक सेवेतल्या पतीसोबत मॉस्कोला राहायला गेली असता तिथे लेनिनवरील चित्रपटात तिने लेनिनची सहकारी इनेसा आर्मांदही साकारली. यांतले बरेचसे आपल्यापर्यंत पोहोचलेच नाही.

फ्रान्समधल्या घराघरांत ती पोहोचली ती मात्र दूरचित्रवाणीमुळे. १९७९ साली, त्रुफोबरोबरचा तिचा तिसरा आणि शेवटचा चित्रपट आला त्याच वर्षी, मोरिस लब्लाँच्या कादंबरीवरून बेतलेली सहा भागांची मालिका प्रसारित झाली: तीस शवपेट्यांचे बेट, ब्रिटनीचा किनारा, जुनी भाकिते, एकापाठोपाठ एक मृत्यू आणि त्या साऱ्यांच्या मधोमध आपल्या मुलाचा शोध घेणारी वेरोनिक. कथानक भडक आहे, क्वचित बाळबोधही; पण ही बाई किंचाळत सुटत नाही, ती घाबरलेली असतानाही विचार करताना दिसते, आणि त्यामुळे आपण त्या बेटावर विश्वास ठेवतो. १९९८ पासून दोन वर्षे तिने ‘काप दे पँ’ या मालिकेतही काम केले. अशा मालिकांना नाके मुरडणाऱ्यांत आपण दोघेही आहोत, हे मान्य कर.

डोळ्याच्या कर्करोगाने १ डिसेंबर २००६ रोजी ती गेली, तेव्हा अठ्ठावन्न वर्षांची होती. त्याच वर्षीच्या उन्हाळ्यापर्यंत, कृत्रिम डोळा लावून, ती रंगमंचावर सेलिमेन करीत होती: सतराव्या शतकातील फ्रेंच नाटककार मोलिएरची ती नायिका, पण झाक राम्पालच्या नाटकातली, वीस वर्षांनी थोराड झालेली. यानंतर तरी ‘गेली कुठे’ असे तू विचारणार नाहीस.

ती बेटावरची मालिका मिळाली तर निदान पहिले दोन भाग पाहा, आणि तुझे मत सविस्तर कळव. वहिनींना नमस्कार.

तुझा,
श्रीधर