बोलावंसं वाटत नाही, म्हणूनच बोल

इंदूर

चि. बाळास,
अनेक आशीर्वाद.

परवा अलीराजपूरकडच्या तुझ्या शाळेच्या गावाहून फोनवर तू म्हणालास, "आई, आता कुणाशी बोलावंसंच वाटत नाही, आणि त्यातच बरं वाटतं." बाबा म्हणाले, रुळला पोरगा. मला तसं वाटत नाही. इतकी वर्षं कॉलेजात मानसशास्त्र शिकवलंय मी.

शिकागो विद्यापीठातले मानसशास्त्रज्ञ जॉन कॅसिओपो म्हणत, एकटेपणा भुकेसारखा असतो; माणसं शोध, असं तो सांगतो. पण तो लांबला की उलटंच होतं. मन सतत सावध राहतं, समोरचा नुसता गप्प बसला तरी त्यात नकार दिसतो, झोप तुटते, आणि माणूस आपणहून आणखी आत आत जातो. हाटातला भाजीवाला मुद्दाम तुसडेपणाने बोलला, असं तुला वाटलं ना? मला शंका येते ती इथेच.

वारही चुकतात तुझे. फ्रान्सचा भूशास्त्रज्ञ मिशेल सिफ्र १९६२ मध्ये दोन महिने घड्याळाशिवाय गुहेत राहिला. १४ सप्टेंबरला बाहेर आला, तेव्हा त्याच्या हिशोबाने २० ऑगस्टच होता! तुझ्याकडे घड्याळ आहे, शाळा आहे. पण संध्याकाळी दार लावलं की सकाळपर्यंत कुणाचा आवाज नाही, मग सोमवार काय नि गुरुवार काय.

यात तुझा दुबळेपणा नाही रे. अलीराजपूरकडची वस्तीच तशी, फळियातली, म्हणजे पाड्यातली, घरं टेकड्यांवर विखुरलेली. मजुरीसाठी लोक गुजरातेत गेले की मागे उरतात म्हातारी माणसं. तीही एकटीच असतात. त्यांच्यापाशी जाऊन बस, त्यांच्याकडून त्यांची बोली, भिलाली, शीक. इच्छा होईल तेव्हा जाईन, असं म्हणू नकोस. ती इच्छाच तर या एकटेपणाने खाल्लीय. हाटाचा दिवस चुकवू नकोस, काही घ्यायचं नसलं तरी.

आणि झोप अशीच उडत राहिली, मन उभारी धरेनासं झालं, तर १४४१६ ला फोन लाव. टेली मानस, मनाच्या त्रासासाठीची हेल्पलाइन, सरकारी आहे, फुकट आहे, रात्री-अपरात्रीही उचलतात. त्यात लाजण्यासारखं काही नाही. मला सांगितलंस तर बरं वाटेल, नाही सांगितलंस तरी तिथे फोन कर.

शनिवारी सकाळी गंगवाल बसस्टँडवरून आम्ही दोघं निघतोय. नको म्हणू नकोस, बोलायचीही सक्ती नाही. शाळेतल्या मुलांसाठी काय आणू, तेवढं कळव.

तुझी,
आई