बॅग तुटली, पण दोष कुणाचाच नाही

मा. संपादक,
स. न. वि. वि.

कालच्या पुरवणीतला वॉरंटीवरचा लेख वाचला. बिल जपून ठेवा, कार्ड भरून घ्या, कंपनीला कळवा, सदोष बॅग बदलून मिळेल. वा! लेखकमहाशयांनी स्वतः कधी एखादी बॅग अशी बदलून घेतली आहे का, तेही लिहिले असते तर आमच्या ज्ञानात भर पडली असती.

माझ्या बॅगेचे सांगतो. नवीकोरी, चार चाकांची, मोठी. विमानतळावर सामानाच्या पट्ट्यावरून उतरवली, ओढायचा दांडा वर काढायला बटण दाबले, तर डावी नळी वर आली आणि उजवी जागची हलेना. बॅगेला कुठे पोचा नाही, ओरखडा नाही. आत अस्तराला चेन असते ती उघडून पाहिली (दुरुस्तीसाठीच ठेवलेली असते ती, बहुतेकांना माहीतही नसते). दांडा ज्या रिव्हेटवर (दोन भाग पक्के जोडणारी धातूची खीळ) धरलेला असतो तो भोकात तिरका ठोकलेला. आपटून वाकलेला नव्हे, मुळातच तिरका. डोळे असलेल्या कुणालाही दिसावे असे होते ते.

तिथेच विमान कंपनीच्या खिडकीवर तक्रारीचा फॉर्म भरला. आपल्या लेखात या फॉर्मचा उल्लेखच नाही, मुदतीचा तर नाहीच नाही. बहुतेक आंतरराष्ट्रीय विमानप्रवासाला विमान कंपन्यांची जबाबदारी ठरवणारा १९९९ चा मॉन्ट्रियल करार लागू होतो. त्यानुसार सामानाच्या नुकसानीची लेखी तक्रार ते हातात आल्यापासून सात दिवसांत द्यावी लागते. बॅग घरी नेऊन सावकाश लेख वाचत बसलेल्या माणसाचे काम तिथेच संपले.

माझी तक्रार मुदतीत होती. तरी उत्तर काय आले? दांडा हा बॅगेबाहेर येणारा भाग, त्याची जबाबदारी आमची नाही. शिवाय हा दोष बॅगेतलाच दिसतो. यातली पहिली सबब तर इतकी जुनी आहे की, चाके, दांडे आणि पट्टे असे सरसकट वगळता येणार नाहीत, हे अमेरिकेच्या परिवहन खात्याला २०१५ मध्ये विमान कंपन्यांना बजावावे लागले होते. दुसरी सबब मात्र करारातलीच. कलम १७ म्हणते, नुकसान बॅगेच्या अंगभूत दोषाने झाले असेल तर तेवढ्यापुरती विमान कंपनी जबाबदार नाही. ठीक. मान्य. दोष बॅगेचाच होता, माझे म्हणणेही तेच होते.

म्हणून बॅग बनवणाऱ्या कंपनीकडे गेलो. त्यांचे उत्तर अतिशय नम्र. ‘आमच्या तपासणीनुसार हा निर्मितीदोष नसून वाहतुकीत बसलेल्या धक्क्याचा परिणाम आहे. कृपया विमान कंपनीकडे दाद मागावी.’ तपासणी कसली, तर मी पाठवलेल्या फोटोंची. रिव्हेटचा फोटो त्यात होता, त्याच्याबद्दल चकार शब्द नाही. मग मी विमान कंपनीचे पत्रच त्यांना धाडले. बघा, विमानवाले लेखी म्हणताहेत की दोष बॅगेचा. यावर उत्तर: त्रयस्थ संस्थेचे मत आम्ही ग्राह्य धरत नाही. आणि धक्का विमानात बसला हे जे तुमचे मत, ते मी का ग्राह्य धरावे, असे विचारले. त्याचे उत्तर अजून यायचे आहे. लग्नघरात दागिना हरवल्यावर दोन्हीकडची मंडळी एकमेकांच्या खोलीकडे बोट दाखवतात, तसला हा प्रकार.

मध्यंतरी बिलाचे नाटक झाले. ‘जपून ठेवा’ म्हणता ना? ठेवले होते, प्लास्टिकच्या पाकिटात. हल्लीची बिले उष्णतेने छापल्या जाणाऱ्या कागदावर निघतात. ऊन, ऊब यांनी त्यावरची अक्षरे उडतात आणि काही प्लास्टिकच्या पाकिटांतली रसायनेही तेच काम करतात. बाहेर काढले तर पांढराशुभ्र कागद! शेवटी बँकेच्या खात्यातली नोंद दाखवली, ती बरीच हुज्जत घातल्यावर चालली. वॉरंटी वर्षानुवर्षांची आणि तिचा पुरावा उडून जाणाऱ्या अक्षरांचा, ही योजना ज्याने कुणी काढली त्याला माझा नमस्कार कळवा. बिल मिळताच फोटो काढून ठेवा, एवढे एक वाक्य लेखात असते तर लेख सत्कारणी लागला असता.

चाकांबद्दल लिहीत नाही. नुसत्या माळ्यावर ठेवलेल्या बॅगेचीही पॉलियुरेथेनची चाके हवेतल्या दमटपणाने भुसभुशीत होतात आणि कंपनी त्याला ‘वापरामुळे झालेली झीज’ म्हणते. असो.

निकाल सांगायचा राहिला. कंपनीने अखेर दांडा बदलून दिला. वॉरंटीत नव्हे, ‘सद्भावना म्हणून’. म्हणजे दोष मान्य नाही, पण हा बोवा एकदाचा गप्प बसू दे. बॅग सर्व्हिस सेंटरला पोचवायचा खर्च माझा. नवा दांडा काळा, बॅग निळी. आणि सोबतच्या चिठ्ठीत बारीक अक्षरात लिहिले आहे की, सद्भावनेने बसवलेल्या भागाला वॉरंटी लागू नाही.

तेवढ्यात आणखी एक. या बॅगांच्या आकड्यांच्या कुलपांना किल्लीचे भोक असते आणि किल्ली मात्र गिऱ्हाइकाला देत नाहीत. ती अमेरिकेतल्या सुरक्षा तपासणीवाल्यांकडे असते, म्हणे सुरक्षेसाठी. त्या किल्ल्यांचा फोटो २०१४ मध्ये तिकडच्या एका वर्तमानपत्रात छापून आला आणि पुढच्याच वर्षी घरच्या घरी त्या थ्रीडी प्रिंटरवर बनवण्याचे आराखडे इंटरनेटवर फिरू लागले. म्हणजे ती किल्ली जगात कुणालाही मिळू शकते, फक्त बॅगेच्या मालकाला अधिकृतपणे मिळत नाही. यावरही कुणीतरी लिहावे, पण कृपया कालच्याच लेखकांनी नको.

त्यांनी पुढच्या लेखात एकाच प्रश्नाचे उत्तर द्यावे. विमान कंपनी म्हणते दोष बॅगेचा आणि बॅगवाले म्हणतात दोष विमानाचा, तेव्हा रिव्हेट तिरका होता की वाकला, हे ठरवायचे कुणी? ग्राहकाच्या खर्चाने, की त्यांच्या? ‘कंपनीला कळवा’ हे उत्तर चालणार नाही. कळवून झाले आहे.

जागेअभावी पत्र कापावे लागले तर कुलपाचा परिच्छेद कापा. दांड्याचा कापू नका.

आपला,
एक नियमित वाचक