चिमूर वर्धा जिल्ह्यात कधी गेले?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

कालच्या पुरवणीतले बेचाळीसच्या चळवळीवरचे पान वाचले. पुढाऱ्यांचे फोटो झकास आलेत. चिमूरच्या वाट्याला चार ओळी आल्या आणि त्यातही 'चिमूर (जि. वर्धा)'! अहो, वर्धा जिल्ह्यात आहे ती आष्टी. चिमूर चंद्रपूर जिल्ह्यात, तेव्हाच्या चांद्यात. दोन्हीकडे गोळीबार १६ ऑगस्टलाच झाला, म्हणून जिल्हाही एकच करून टाकायचा? दिल्लीच्या पेपरने हे छापले असते तर समजून घेतले असते, तुम्ही तर नागपुरातच बसता.

माझी आजी चिमूरची. त्या दिवशी नागपंचमी होती. पुढे गोरी पलटण गावात शिरली, आबाजींना, म्हणजे आजोबांना, धरून नेले आणि आजी कडेवरच्या पोराला घेऊन शेजारणीच्या घरी धानाच्या ढोलीमागे बसून राहिली. त्या दिवसांत बायांवर काय गुदरले, ते ती कधीच बोलली नाही. त्याची चौकशी व्हावी म्हणून गांधीजींच्या आश्रमातल्या प्रा. भन्साळींनी ६३ दिवस उपास केला, तो तुमच्या पानावर नाही. आजी बोलायची ती फक्त गुंडाबद्दल, म्हणजे पाणी भरायच्या पितळी भांड्याबद्दल. गावावर सामूहिक दंड बसला, तेव्हा माहेरून आलेला पितळी गुंड तिने विकला. "गुंड दंडात गेला बाप्पा," म्हणायची आणि हसायची. त्यानंतर कित्येक वर्षे मातीच्या घागरीनेच पाणी भरले. नंतर घरात स्टीलची भांडी आली, पण पितळी गुंड तिने पुन्हा घेतला नाही.

आबाजी चार महिन्यांनी सुटले. १९७२ साली स्वातंत्र्यसैनिकांच्या पेन्शनची योजना निघाली, तेव्हा वडिलांनी कचेरीत चकरा मारल्या. सहा महिने तुरुंगवास हवा, असे उत्तर मिळाले. नियम होता, मान्य. पण तिथल्या बाबूने वर विचारले, "आणखी दोन महिने राहायला काय झालं होतं?" वडील हे सांगताना आजही तोंड फिरवतात. आणि आजी? ती तर एक दिवसही तुरुंगात नव्हती, तिचा अर्ज कोण घेणार?

दुरुस्ती छापाल, तेव्हा ती निविदांच्या जाहिरातींखाली दडवू नका, एवढीच विनंती.

आपला,
एक जुना वाचक, मानेवाडा, नागपूर

ता. क. : पोऱ्या पेपर फाटकावरूनच फेकतो. कालची पुरवणी पाण्यात पडली होती, इस्त्री फिरवून वाचली. बिल मात्र न चुकता एक तारखेला येते.