वेक फॉरेस्टच्या मॅचला आजोबांना नेताना

सांगली,
बुधवार रात्र

चि. ओंकारास,
अनेक उत्तम आशीर्वाद.

सातबाऱ्याचं काम अजून तलाठ्याच्या टेबलावरून हललेलं नाही, तेव्हा या शनिवारी मी काही अमेरिकेला परत येत नाही. म्हणजे चॅपल हिलच्या, युनिव्हर्सिटी ऑफ नॉर्थ कॅरोलिनाच्या, वेक फॉरेस्टशी असलेल्या बास्केटबॉल मॅचला आजोबांना तूच न्यायचंस. काल फोनवर मी विचारलं, कसे जाणार? तर तू म्हणालास, "त्यात काय बाबा, साडेपाचला पोचतो, पैसे टाकतो, गाडी लावतो, आत जातो." ते ऐकून फोन ठेवला आणि हे लिहायला बसलो. व्हॉट्सॲपवर लिहिलं असतं तर तू अंगठा दाखवून मोकळा झाला असतास, म्हणून ई-मेल करतोय. पूर्ण वाच.

तुझा दोष नाही म्हणा. तू एनसी स्टेट युनिव्हर्सिटीचा. तुमचं लेनोवो सेंटर, म्हणजे परवापरवापर्यंतचं पीएनसी अरेना, 1999 मध्ये कॅम्पसवरून उचलून रॅली शहराच्या पश्चिम टोकाला, फेअरग्राउंड्सच्या शेजारी नेलं. मध्ये स्टेडियम आणि चहूकडे डांबर. पैसे मोजायची तयारी असली की तिथे जागा मिळते. पण ज्यांचं कॉलेज, त्या पोरांना मात्र स्वतःच्याच टीमची मॅच बघायला बस धरावी लागते. चॅपल हिलचं स्मिथ सेंटर कॅम्पसच्या दक्षिण टोकाला झाडीत बसलंय. जवळच हिंटन जेम्स हॉस्टेल. तिथली पोरं पायात स्लिपर अडकवून मॅचला येतात. आणि बाहेरून गाडी घेऊन येणाऱ्याला तिथे कुणी विचारत नाही.

म्हणजे पार्किंग लॉट आहेत. स्टेडियमला लागूनच आहेत, तुला दिसतीलही, पण ते तुझ्यासाठी नाहीत. स्मिथ सेंटर उभं राहिलं ते देणग्यांवर, सुमारे 3 कोटी 40 लाख डॉलर लोकांकडून गोळा करून. ही वर्गणी जमवण्यात पुढे होता स्किपर बोल्स नावाचा तिथला राजकारणी. स्टेडियमच्या बाजूने जाणाऱ्या रस्त्याला त्याचंच नाव आहे, स्किपर बोल्स ड्राइव्ह. ज्यांनी पैसे दिले त्यांना खालच्या खुर्च्या मिळाल्या आणि दारातली पार्किंगची जागाही. ती रीत अजून चालू आहे. रॅम्स क्लब ही तिथल्या देणगीदारांची संघटना. देणगी जितकी मोठी, तितकी गाडी दाराजवळ. आपल्याकडे गणपतीच्या मंडपात पहिल्या रांगेतल्या खुर्च्या कुणासाठी राखून ठेवतात ते तू पाहिलंयस, त्यातलाच प्रकार. आपली तिकिटं माझ्या ऑफिसातल्या एकाने दिलेली, वरच्या मजल्यावरची. पार्किंगचा परवाना तिकिटांबरोबर येत नाही. मॅनिंग ड्राइव्हपर्यंत गेलास तर पोलीस हात दाखवून पुढे काढतील, आणि एकदा पुढे गेलास की फोर्डहॅम बुलेव्हार्डवरून मोठा वळसा घालून पुन्हा त्याच रांगेच्या शेपटाला.

मॅनिंग ड्राइव्हवर आणखी एक मोह होईल. युनिव्हर्सिटीचं हॉस्पिटल त्याच रस्त्यावर आहे आणि त्याचं बहुमजली डॉगवुड पार्किंग तुला उघडं दिसेल. मॅचला आलेले काही लोक निर्लज्जपणे तिथे गाड्या लावतात. ती जागा पेशंटच्या नातेवाइकांची आहे. कुणाची आई आयसीयूत असते आणि तो माणूस पाचव्या मजल्यापर्यंत गोल गोल फिरत जागा शोधतो, कारण खाली कुणाला टिपऑफ, म्हणजे मॅचची सुरुवात, चुकवायचा नव्हता. आपल्या घरातलं कुणी तिथे गाडी लावणार नाही. यावर चर्चा नको.

तर कसं जायचं ते सांगतो.

केरीतल्या घरून चारला निघ. आय-40 हायवेने पश्चिमेकडे, एक्झिट 273, तिथून एनसी 54 वर चॅपल हिलच्या दिशेने. थोडं पुढे गेलास की डाव्या हाताला फ्रायडे सेंटर लागतं. गाडी तिथल्या लॉटमध्ये लाव आणि टार हील एक्स्प्रेसची, म्हणजे मॅचसाठी सोडतात ती, बस घे. या बसेस साधारण मॅचच्या दीड तास आधी सुरू होतात. थांबे आणि मार्ग सीझनगणिक बदलतात, तेव्हा शुक्रवारी रात्री चॅपल हिल ट्रान्झिटचं त्या दिवसाचं वेळापत्रक बघून घे. माझ्या सांगण्यावर जाऊ नको.

फ्रायडे सेंटरच्या समोर, रस्त्याच्या पलीकडे, मेडोमॉन्टची दुकानं आहेत. तिथे लावून रस्ता ओलांडू, असा विचार डोक्यात आला तर तिथेच सोडून दे. चॅपल हिलमध्ये गाडी उचलून नेणं हा मोठा धंदा आहे. हे टोइंगवाले किती पैसे घेतात यावर गावाने मर्यादा घालायचा प्रयत्न केला होता, तर प्रकरण राज्याच्या सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि 2014 मध्ये कोर्टाने सांगितलं की ही मर्यादा घालायचा अधिकार गावाला नाही. त्याच निकालात गाडी चालवताना मोबाइलवर बोलण्याची गावाची बंदीही उडाली. गाव एका बाजूने शहाणं होऊ बघत होतं, कायदा दुसऱ्या बाजूला उभा राहिला. असो. मुद्दा एवढाच की आजोबांना घेऊन रात्री नऊला उचललेली गाडी शोधत फिरणं मला नको आहे.

तू म्हणशील, मग फ्रँकलिन स्ट्रीटला जेवून तिथूनच चालत जाऊ. तू एकटा असतास तर मीच ते सुचवलं असतं. रोझमेरी स्ट्रीटवर गावाचं पार्किंग आहे, तिथून कॅम्पसमधून बेल टॉवर, केनन स्टेडियम असं करत उतरत जायचं, फार सुंदर रस्ता. पण दीड मैलाच्या आसपास चाल आहे, आणि जाताना उतार म्हणजे परतताना चढ. आजोबांचा डावा गुडघा ते मान्य करणार नाही. आजोबा स्वतः मान्य करतील, "चल की, त्यात काय" म्हणतील. फसू नकोस.

आणि खरं सांगू का, आजोबांना बसनेच जायचं असतं. मागच्या खेपेला मी त्यांना नेलं तेव्हा मॅचपेक्षा त्यांचं लक्ष शटलच्या रांगेवर जास्त होतं. मिरज डेपोत वाहतूक नियंत्रक म्हणून जन्म गेला त्यांचा. फ्रायडे सेंटरच्या लॉटमध्ये उभं राहून मनगटावरच्या घड्याळाकडे बघत त्यांनी दोन बसमधलं अंतर मोजलं. भरलेली बस ड्रायव्हरने लगेच सोडली तेव्हा खुशीत मान हलवली. एक बस अर्धी रिकामी सुटली, तर "हा गडी नवा दिसतोय" म्हणाले. मग माझ्या कानाशी येऊन, "एवढी गर्दी आणि खिडकीतून रुमाल टाकून जागा कुणीच धरत नाही रे. मजा नाही." तेव्हा त्यांना घाईने बसमध्ये कोंबू नकोस. एखादी बस सुटू दे. म्हणूनच तुला चारला निघायला सांगतोय.

बस स्टेडियमजवळ सोडेल. आत जाण्याआधी दोन गोष्टी. आईने त्यांच्या गोळ्या, पाणी, शेंगदाण्याचे लाडू घातलेली कापडी पिशवी दिली तर ती गाडीतच राहू दे. तिथे पारदर्शक पिशवीशिवाय आत सोडत नाहीत, आणि बाहेरचं खाणं त्यातूनही चालणार नाही. गोळ्या खिशात. दुसरं, तिकिटं घरीच फोनमध्ये उतरवून ठेव. हजारो माणसं एकाच वेळी दारात उभी राहिली की नेटवर्क रांगतं, आणि मागचे लोक तुझ्याकडे ज्या नजरेने बघतात ती बरी नसते.

तुमच्या स्टेटचा लाल टी-शर्ट घालू नको, हे वेगळं सांगायला हवं का?

वरच्या मजल्याच्या पायऱ्या उभ्या आहेत. आजोबा पुढे, तू मागे. बसल्यावर त्यांना बोर्डावरच्या आकड्यांपलीकडे फारसं कळत नाही, पण एक गोष्ट मी त्यांना दाखवली होती ती तूही दाखव. बास्केट टाकणारा खेळाडू मागे पळताना ज्याने पास दिला त्याच्याकडे बोट करतो. ही डीन स्मिथने लावलेली सवय. 1961 ते 1997 तो तिथे कोच होता, 879 मॅच जिंकला, पण बोट दाखवायचं ते पास देणाऱ्याकडे. 2015 मध्ये तो गेला, तेव्हा मृत्युपत्रात आपल्या हाताखाली खेळलेल्या प्रत्येक खेळाडूला 200 डॉलर ठेवले होते, बाहेर चांगलं जेवून या म्हणून. हे आजोबांना फार आवडलं होतं. "आमच्या डेपो मॅनेजरने चहा नाही पाजला," म्हणाले.

तुला वाटेल बाबा एका मॅचचं एवढं काय घेऊन बसलेत. मी तिथे शिकायला होतो तेव्हा माझ्याकडे गाडी नव्हती. चॅपल हिलला लागून असलेल्या कारबरोला अपार्टमेंटमध्ये आम्ही चौघं, सगळे बसवर अवलंबून. चांगल्या मॅचचं तिकीट नशिबात नसायचं, आणि मिळालं तरी खालच्या खुर्च्या दुर्बिणीतून बघितल्यासारख्या लांब. जानेवारी 2000 मध्ये मोठं बर्फ पडलं. रॅली-डरहॅम विमानतळावर 20 इंचांच्या वर नोंद झाली. तिकडे 2 इंच पडले तरी दूध-ब्रेड संपतो. सगळे रस्ते बंद आणि मेरीलँडशी मॅच ठरलेली. सीझन तिकीटवाले आपापल्या गॅरेजमध्ये अडकले. तेव्हा युनिव्हर्सिटीने जाहीर केलं, जो पोचेल त्याने यावं, जिथे जागा मिळेल तिथे बसावं. आम्ही कारबरोहून चालत निघालो, पायात प्लास्टिकच्या पिशव्या बांधून. देणगीदारांच्या निळ्या खुर्च्यांत, कोर्टाच्या अगदी कडेला, भिजलेल्या मोज्यांची पोरं बसली होती. तसा आवाज त्या स्टेडियममध्ये मी पुन्हा ऐकला नाही, आणि नंतर तर पैसे मोजून गेलोय.

बर्फाने दुसरी गंमत 2014 मध्ये केली. चॅपल हिलचे कट्टर प्रतिस्पर्धी ड्यूक, त्यांची टीम 10 मैलांवरच्या डरहॅमहून चॅपल हिलला यायची होती, 12 फेब्रुवारीला, आणि त्यांची बसच बर्फात अडकली. अख्खा देश टीव्ही लावून बसलेला आणि मॅच आठवडाभर पुढे ढकलली. इथे चॅपल हिलची पोरं मात्र हॉस्टेलमधून चालत येऊ शकत होती.

म्हणून आता तिकडे नवं स्टेडियम कुठे बांधायचं यावर जो वाद चाललाय, की आहे तिथेच ठेवायचं की गावाच्या उत्तरेला जुन्या विमानतळाच्या जागी, कॅरोलिना नॉर्थला न्यायचं, त्यात माझं मत पार्किंगच्या विरुद्ध आहे. तिकडे नेलं तर गाड्यांची सोय होईल, महागड्या बैठका होतील, आणि पोरं तुमच्या स्टेटच्या पोरांसारखी बसच्या रांगेत उभी राहतील. गाडी लावायला त्रास व्हावा पण मॅच कॅम्पसवरच असावी, असं मला वाटतं. तू चिडशील हे माहीत आहे. आल्यावर भांडू.

परतीचं. कितीही पॉइंटांचा फरक असला तरी शेवटची चार मिनिटं उरलेली असताना उठू नकोस. लवकर निघणारे सगळे गाडीवाले असतात आणि ते सगळे मॅनिंग ड्राइव्हवर जाऊन एकमेकांसमोर हॉर्न न वाजवता बसून राहतात. मॅच संपली की दहा मिनिटं खुर्चीतच बसा, गर्दी ओसरू दे, आजोबांना बाथरूमला ने, मग बसकडे जा. पण तिथे गप्पांत रमू नका. परतीच्या बसेस मॅच संपल्यावर काही वेळच असतात, रात्रभर नाही. कुठल्या थांब्यावर उतरलात त्याचा जाताना फोटो काढून ठेव, अंधारात सगळे लॉट सारखे दिसतात.

आणखी एक. तुला या मॅचची चटक लागली आणि एखाद्या मंगळवारी रात्री मित्रांबरोबर जायचं ठरवलंस, तर "पाचनंतर कॅम्पसवर फुकट" हे आमच्या वेळचं गणित वापरू नको. 2019 पासून आठवड्यातल्या रात्रींनाही परवाना लागतो. आणि ड्यूकची मॅच असेल तर गाडी काढूच नको. जिंकले तर सगळी पोरं फ्रँकलिन स्ट्रीटवर उतरतात, पोलीस रस्ता बंद करतात, आणि अशा वेळी तू लाल गाडी घेऊन गावात असणं मला पसंत नाही.

आजोबांना थर्मल घाल. ते नको म्हणतील. आईला सांग, तिचं ऐकतात. मॅच सव्वाआठपर्यंत संपेल, तेव्हा इथे रविवारी सकाळचे पावणेसात झालेले असतील आणि मी चहा घेत बसलेला असेन. स्कोअर मी बघितलेला असेल. तू फक्त आजोबांना फोन दे, या वेळी बस किती मिनिटांनी सुटत होत्या ते त्यांच्याकडून ऐकायचंय.

तुझा,
बाबा