आधी निबंधक, मग न्यायालय

पासपोर्टवरील चुकीच्या जन्मतारखेविषयीचा लेख वाचला. त्यातला थेट दिवाणी दाव्याचा सल्ला पटला नाही. चूक बहुधा पासपोर्टची नसते, मूळ जन्मदाखल्यातली असते. जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियम, १९६९ च्या कलम १५ नुसार जन्माची नोंद चुकीची असल्याची खात्री पटल्यास निबंधकच (जन्म-मृत्यूची नोंदवही ठेवणारा अधिकारी) ती दुरुस्त करू शकतो. मूळ नोंद खोडायची नाही. समासात दुरुस्ती लिहून खाली सही व तारीख घालायची. त्याने नकार दिला, तर न्यायालय आहेच.

खरी पंचाईत आहे ती शाळेत घालताना गुरुजींनी १ जून ही जन्मतारीख लावून टाकलेल्यांची. ग्रामपंचायतीच्या नोंदवहीत एक तारीख, शाळेच्या दाखल्यावर दुसरी, आणि पासपोर्ट शाळेच्या दाखल्यावरून काढलेला! अशांनी नोटरीच्या प्रतिज्ञापत्रावर पैसे घालवण्याआधी जन्मनोंदीचा उतारा काढावा. नोंदच सापडली नाही, तर विलंबित (उशिरा करायच्या) नोंदणीचा आदेश आता जिल्हाधिकारी किंवा प्रांताधिकारी देऊ शकतात; कायद्यातील २०२३ च्या दुरुस्तीपूर्वी त्यासाठी प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जावे लागे. लेखात याचा उल्लेख हवा होता.