कॅमेरा आपला, खातं फिटिंगवाल्याचं

संपादक महोदय,

सीसीटीव्ही आता वन-रूम-किचनपर्यंत पोहोचलाय. कॅमेरे किती, मेगापिक्सेल किती, याची चौकशी सगळे करतात. चित्र आणखी कोणाला दिसतं, हे सहसा कोणी विचारत नाही.

फिटिंगला आलेला मुलगा घाईत डीव्हीआरचा, म्हणजे चित्रण साठवणाऱ्या डब्याचा, क्यूआर कोड स्वतःच्या मोबाइलवरच स्कॅन करतो आणि घरमालकाला नुसता ‘शेअर’ देतो. दर वेळी हेतू वाईट असतो असं नाही. तक्रार आली तर दुकानात बसून बघता येतं. पण डीव्हीआर राहतो त्याच्याच खात्यात. घरमालक मग ॲपचा पासवर्ड बदलून निर्धास्त होतो. तो बदलतो फक्त त्याच्या स्वतःच्या खात्याचा. फिटिंगवाल्याला हॉल दिसतच राहतो. त्याच्या ॲपमधून डीव्हीआर समोर उभं राहून काढायला लावावा, आपल्या खात्यात नव्याने जोडावा आणि डीव्हीआरला माउस लावून त्याचा ॲडमिन पासवर्डही बदलावा. हा पासवर्ड ॲपच्या पासवर्डहून वेगळा असतो, गफलत होते ती इथेच. २०१६ मध्ये ‘मिराई’ या घातक सॉफ्टवेअरने जगभरातले जे कॅमेरे आणि डीव्हीआर ताब्यात घेतले, ते कारखान्यातलेच पासवर्ड चालू ठेवलेले होते.

दाराबाहेरच्या कॅमेऱ्याची गोष्ट वेगळी. सर्रास लावली जाणारी २.८ मिलिमीटरची लेन्स साधारण १०० अंश पाहते. चार-पाच फुटांच्या पॅसेजमध्ये समोरच्यांनी दार उघडलं की त्यांचा सोफासुद्धा आपल्या रेकॉर्डिंगमध्ये. कॅमेरा आपल्या उंबरठ्याकडे खाली वळवावा. तरीही त्यांचं दार येत असेल, तर सेटिंगमधल्या ‘प्रायव्हसी मास्क’ने तेवढा चौकोन काळा करावा. काळा भाग रेकॉर्डही होत नाही. माइक बंदच ठेवावा. शेजारच्यांचं जिन्यातलं बोलणं ऐकून चोर सापडत नाही.

२०२३ चा डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायदा घरगुती वापराला लागूच नाही, त्यामुळे शेजाऱ्यांना किंवा कामवाल्या मावशींना त्याचा आधार नाही. एकाच घरात राहणाऱ्यांच्या वादात मात्र, बाकीच्यांच्या संमतीशिवाय राहत्या भागात कॅमेरे चालवता येणार नाहीत, असं कोलकाता उच्च न्यायालयाने २०२५ मध्ये म्हटलं आहे. दारांवरच्या कॅमेऱ्यांचे कोन सोसायट्यांनी सर्वसाधारण सभेतच ठरवून घ्यावेत. आणि फिटिंगवाल्याचा शेवटचा हप्ता डीव्हीआर आपल्या खात्यात आल्याशिवाय देऊ नये.

– एक सीसीटीव्ही तंत्रज्ञ, डोंबिवली